मणि कौल : मोजक्या रसिकांचा दिग्दर्शक

१

स्वातंत्र्यानंतर चित्रपटव्यवसायाची पाहणी करण्यासाठी जी समिती नेमली गेली तिने आपला अहवाल १९५१ साली सादर केला. स. का. पाटील हे तिचे अध्यक्ष होते. चित्रपटकलेचे रीतसर शिक्षण देणारी एक संस्था असावी आणि निर्मात्यांना अर्थसाहाय्य करणारे एक महामंडळ असावे, असे ह्या समितीने सुचविले. पुढे नऊ वर्षांनी, १९६० साली, ह्या दोन्ही गोष्टी प्रत्यक्षात उतरल्या. ज्या आवारात ‘संत तुकाराम’सारखा चित्रपट निर्माण झाला त्या पुण्याच्या प्रभात कंपनीच्या जागेत चित्रपटशिक्षणाची शाळा उघडली, आणि त्याच वर्षी फिल्म फायनान्स कॉर्पोरेशन ही कर्ज देणारी पेढी स्थापन झाली. शाळा आणि पेढी ह्यांचा परस्परांशी संबंध काय, असे वरकरणी वाटावे. परंतु दहा वर्षांच्या आतच त्या शाळेतून बाहेर पडलेल्या एका तरुणास ह्या पेढीने कर्ज दिले, आणि त्यातून जो चित्रपट निपजला त्याने भारतीय चित्रपटसृष्टीत एक वाद उभा केला. तो तरुण म्हणजे मणि कौल, आणि तो चित्रपट म्हणजे ‘उसकी रोटी’.

कौल ह्यांचे चित्रपट फार थोड्या लोकांनी पाहिले. ज्यांनी पाहिले त्यांपैकी पुष्कळांना ते रुचले नाहीत. तथापि गेल्या अर्धशतकातील चित्रपटकलेचा विचार करू लागल्यास ह्या नावाला वळसा घालून पुढे जाता येत नाही. असे का व्हावे, आणि थोड्यांसाठी असलेल्या अशा कलेचा भार कोणी उचलावा, ह्या दोन प्रश्नांचा विचार प्रस्तुत लेखात करावयाचा आहे. ह्यांपैकी दुसरा प्रश्न केवळ चित्रपटांपुरता नाही. महाराष्ट्राबाहेर मराठी ग्रंथालये, मंडळे आणि नियतकालिके चालविणाऱ्या आपणां सर्वांना तो दरवर्षी जमाखर्चाच्या वेळी भेटतो.

२

मणि कौल ह्यांचा जन्म २५ डिसेंबर १९४४ रोजी जोधपूर येथे एका काश्मिरी कुटुंबात झाला. चित्रपट-दिग्दर्शक महेश कौल हे त्यांचे चुलते. जयपूर येथे पदवी घेऊन ते पुण्याच्या संस्थेत दाखल झाले आणि १९६६ साली तेथून उत्तीर्ण झाले. तेथे त्यांना ऋत्विक घटक ह्यांच्यासारखा गुरू लाभला. घटकांचे स्वतःचे चित्रपट भावनेने ओथंबलेले, तर शिष्याचे चित्रपट अलिप्त. तरीसुद्धा शिष्य आयुष्यभर गुरूचे ऋण सांगत राहिला. फ्रेंच दिग्दर्शक रोबेर ब्रेसाँ ह्यांचा प्रभावही त्यांच्यावर खोल होता. नटाने अभिनय करून भाव दाखवू नये, त्याने केवळ असावे, बोलावे आणि चालावे, हा ब्रेसाँचा आग्रह कौल ह्यांनी आपलासा केला.

‘उसकी रोटी’ (१९६९) ही मूळ मोहन राकेश ह्यांची लघुकथा. बालो नावाची स्त्री बसचालक असलेल्या आपल्या नवऱ्यासाठी रोटी घेऊन सडकेवर उभी राहते. एके दिवशी तिला उशीर होतो. नवरा रागावून निघून जातो. ती वाट पाहत राहते. कथानक म्हणावे तर एवढेच. कोणताही कसबी पटकथाकार ह्या बीजातून अश्रू आणि संघर्ष ह्यांचा वृक्ष वाढवू शकला असता. कौल ह्यांनी तसे केले नाही. त्यांनी चित्रपटाचा विषय केला तो वाट पाहणे हाच. के. के. महाजन ह्यांच्या छायालेखनात त्यांनी मुख्यतः दोनच भिंगे वापरली. २८ मिलिमीटरच्या विशालकोनी भिंगात जवळचे आणि दूरचे सारे स्पष्ट दिसते; १३५ मिलिमीटरच्या दूरवेधी भिंगात एक लहानसा पट्टा तेवढा स्पष्ट राहतो, बाकीचे सारे धूसर होते. प्रारंभी एक भिंग बालोच्या प्रत्यक्ष जगासाठी आणि दुसरे तिच्या मनातील जगासाठी योजिलेले आहे. चित्रपट पुढे सरकतो तसतशी ही वाटणी हळूहळू मोडत जाते, आणि नवरा खरोखर आला की तिच्या मनात आला, हे ठरविणे प्रेक्षकाला अवघड होऊन बसते. दीर्घकाळ वाट पाहणाऱ्या माणसाची जी अवस्था होते ती सांगून समजावयाची नसते. येथे ती पाहणाऱ्याच्या डोळ्यांना भोगावी लागते.

ह्या चित्रपटास छायालेखनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, समीक्षकांचे पारितोषिक मिळाले. परंतु चित्रपटगृहांची दारे त्याला रीतसर उघडली नाहीत. ‘हा चित्रपट कंटाळवाणा आहे’ हा आक्षेप तेव्हापासून कौल ह्यांच्या मागे लागला तो अखेरपर्यंत सुटला नाही.

हा आक्षेप उडवून लावण्याजोगा नाही. प्रेक्षकाच्या संयमाची परीक्षा हे चित्रपट खरोखरच पाहतात. परंतु कविता शिकविणाऱ्या प्रत्येक शिक्षकाला एक गोष्ट ठाऊक असते. कवितेचा सारांश वर्गात प्रथम सांगून टाकला की मुलांना ती ‘समजते’, आणि त्याच क्षणी तिच्यातील कवितापण निघून जाते. चित्रपटातील कथानक हा असाच सारांश आहे, असे कौल ह्यांना वाटत असावे. अभिधेने जे सांगून होते त्याच्या पलीकडे आनंदवर्धनाने ध्वनी पाहिला. कौल ह्यांच्या बोलण्यात ध्वनिविचाराचा उल्लेख वारंवार येतो तो ह्याच कारणाने. उदयन वाजपेयी ह्यांच्याशी झालेल्या त्यांच्या संवादांचे ‘अभेद आकाश’ हे हिंदी पुस्तक ज्यांनी वाचले असेल त्यांना हा माणूस आपल्या साहित्यशास्त्राकडे शोभेसाठी नव्हे तर कामापुरते साधन म्हणून पाहत होता, हे पटेल.

३

दुसरा चित्रपट ‘आषाढ का एक दिन’ (१९७१) हाही मोहन राकेश ह्यांच्याच कृतीवर, त्यांच्या १९५८ मधील प्रसिद्ध नाटकावर, आधारलेला होता. मराठी वाचकाला त्यात दोन ओळखीची नावे आढळतील. मल्लिकेची भूमिका रेखा सबनीस ह्यांनी केली आणि कालिदासाची अरुण खोपकर ह्यांनी. नाटकाचे संवाद चित्रीकरणापूर्वीच मुद्रित करून घेतले होते आणि चित्रीकरणाच्या वेळी ते नटांना ऐकविले जात. त्यामुळे नट बोलण्याच्या आवेगातून मोकळा झाला. शब्द आणि मुद्रा ह्यांची जी गाठ रंगभूमीवर घट्ट बसलेली असते ती सैल झाली. नाटकाचा चित्रपट करताना एरवी शब्द कमी करून दृश्ये वाढवितात. येथे शब्द तसाच ठेवून त्याचे नाट्य तेवढे काढून घेतले आहे.

‘दुविधा’ (१९७३) हा कौल ह्यांचा पहिला रंगीत चित्रपट. विजयदान देथा ह्यांनी राजस्थानी लोककथेवरून लिहिलेली ही गोष्ट. व्यापाऱ्याचा मुलगा लग्न होताच दूरदेशी पेढीवर जातो. वडावरचे भूत त्याचे रूप घेऊन नववधूपाशी राहते, मात्र आपण कोण हे तिला सांगून राहते. पुढे खरा नवरा परततो आणि एक मेंढपाळ युक्तीने भुताला कातडी पिशवीत कोंडतो. हा चित्रपट चित्रकार अकबर पदमसी ह्यांच्या सहकार्याने, अत्यल्प साधनांत, देथांच्या बोरुंदा ह्या गावी चित्रित झाला. पांढऱ्या भिंती, लाल ओढणी आणि चौकटीत स्थिरावलेले चेहरे पाहताना पहाडी लघुचित्रांची आठवण होते. ह्या चित्रपटासाठी कौल ह्यांना दिग्दर्शनाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला.

ह्याच कथेवर अमोल पालेकर ह्यांनी २००५ साली ‘पहेली’ हा चित्रपट केला. तो पुष्कळ लोकांनी पाहिला. त्याच्या अखेरीस भूत नवऱ्याच्याच देहात प्रवेश करते आणि नायिकेला तिचा प्रियकर मिळतो. कौल ह्यांच्या चित्रपटात असे काही घडत नाही. भूत पिशवीतून नदीत जाते, आणि जिला कोणीच काही विचारले नव्हते ती स्त्री पुन्हा न विचारताच नवऱ्याच्या स्वाधीन होते. एकाच कथेची ही दोन रूपे शेजारी ठेवून पाहिली म्हणजे बहुसंख्यांची कला आणि मोजक्यांची कला ह्यांतील भेद ध्यानात येतो. पहिली आपल्याला दिलासा देऊन घरी पाठविते. दुसरी प्रश्न आपल्या हाती ठेवून निघून जाते. समाजाला दोहोंची गरज असते. पहिलीला आश्रयदाता शोधावा लागत नाही, एवढाच काय तो व्यवहारातील फरक.

कौल ह्यांच्या विरोधकांत सामान्य प्रेक्षकच होते असे नाही. सत्यजित राय ह्यांनी १९७४ साली लिहिलेल्या एका लेखात ‘दुविधा’ आणि कुमार शहानी ह्यांचा ‘माया दर्पण’ ह्या दोन्ही चित्रपटांवर परखड टीका केली. जगात मान्यता पावलेल्या दिग्दर्शकाचा हा अभिप्राय होता आणि तो दुर्लक्षिण्याजोगा नव्हता. राय ह्यांची स्वतःची कला कथा आणि माणूस ह्यांवर उभी होती. प्रेक्षकाशी असलेला धागा त्यांनी कधी तोडला नाही. कौल ह्यांना तो धागाच पुन्हा तपासून पाहावासा वाटला. दोघांनीही साहित्याचा आधार घेतला. परंतु एकाने साहित्यातील माणसे उचलली, दुसऱ्याने साहित्यातील वाक्य उचलले. ह्या वादात एकाला खरे आणि दुसऱ्याला खोटे ठरविण्याचे कारण नाही. मात्र असा वाद होण्यासाठी दुसऱ्या पक्षाचे चित्रपट मुळात निर्माण व्हावे लागतात, हे विसरून चालणार नाही.

४

१९७६ हे वर्ष ह्या इतिहासात दोन कारणांनी महत्त्वाचे ठरते. त्या वर्षी संसदेच्या सार्वजनिक उपक्रमविषयक समितीने फिल्म फायनान्स कॉर्पोरेशनच्या कारभारावर टीका केली. कलात्मक चित्रपट आणि धंद्यात यशस्वी होणारा चित्रपट ह्यांत मूलतः विरोध नाही. तेव्हा कर्ज देताना चित्रपट चालण्याचा वाजवी संभव पाहावा, असा तिचा रोख होता. लोकांच्या पैशाचा हिशेब मागणे हे संसदेचे कर्तव्यच आहे. परंतु चालेल की नाही हे ज्याचे आधी सांगता येते अशा कामाला सरकारी पेढीची गरज तरी काय? त्यासाठी बाजारातले सावकार होतेच. पुढे १९८० साली हे कॉर्पोरेशन राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाले.

त्याच १९७६ साली, आणीबाणीच्या काळात, कौल एका मराठी चित्रपटात सहभागी झाले. सईद मिर्झा, के. हरिहरन, कमल स्वरूप आणि मणि कौल ह्या चौघांनी मिळून, युक्त ह्या सहकारी संस्थेतर्फे, ‘घाशीराम कोतवाल’ हा चित्रपट केला. विजय तेंडुलकरांचे नाटक पुण्याच्या रंगभूमीवर १९७२ च्या डिसेंबरात आले आणि त्यावरून केवढे वादळ उठले ते आपल्या पिढीला सांगावयास नको. चित्रपटाचे लेखनही तेंडुलकरांचेच. मोहन आगाशे ह्यांनी रंगभूमीवरचाच नाना फडणीस पडद्यावर उभा केला, आणि घाशीरामाच्या भूमिकेत ओम पुरी हा नवा नट प्रथमच पडद्यावर आला. नाटकातील माणसांच्या भिंतीची जादू पडद्यावर शोधू जाणाऱ्याची येथे निराशा होते. परंतु सत्ता आपले हात स्वच्छ ठेवून दुसऱ्याकडून काम कसे करवून घेते, हा नाटकाचा गाभा त्या दिवसांत उच्चारणे सोपे नव्हते, आणि चित्रपटाने तो उच्चारला.

ह्या चित्रपटाचे पुढे काय झाले, ते प्रत्येक मराठी साहित्यसंस्थेने लक्षात ठेवावे असे आहे. तो फारसा कोठे दाखविला गेला नाही. त्याची प्रत टिकली ती बर्लिन येथील आर्सेनाल ह्या चित्रपटसंस्थेच्या संग्रहात. आणि त्या प्रतीवरून २०१४ साली तो जर्मनीत डिजिटल पद्धतीने पुन्हा सिद्ध करण्यात आला. पेशवाईतील पुण्याविषयीचा, मराठी नाटककाराने लिहिलेला, मराठी बोलणारा चित्रपट जर्मन माणसांनी जपला म्हणून आज पाहावयास मिळतो. मोजक्यांची कला निर्माण करण्यास पैसा लागतो, हे आपण जाणतो. ती जपण्यासही माणसे लागतात, हे आपण बहुधा विसरतो.

५

कॉर्पोरेशनची वाट अरुंद झाल्यावर कौल ह्यांनी दुसरे आश्रय शोधले, आणि येथे ही हकीकत माळवा व ग्वाल्हेर ह्या भागांतील मराठी वाचकाच्या अगदी दाराशी येते. मध्य प्रदेश शासनाच्या साहाय्याने त्यांनी १९८० साली ‘सतह से उठता आदमी’ हा चित्रपट केला. त्याचा आधार होता गजानन माधव मुक्तिबोध ह्यांचे लेखन. मुक्तिबोधांचा जन्म १९१७ साली ग्वाल्हेर संस्थानातील श्योपूर येथे मराठी कुटुंबात झाला. इंदूरच्या होळकर महाविद्यालयात त्यांनी पदवी घेतली. घरी मराठी आणि लेखणीत हिंदी अशी त्यांची रीत. त्यांचे धाकटे बंधू शरच्चंद्र मुक्तिबोध हे मराठी कवी आणि समीक्षक म्हणून मान्यता पावले. एका घरातील दोन भावांनी दोन भाषांना आपापले देणे दिले, असे उदाहरण विरळा.

ह्या मुक्तिबोधांचे भारताच्या इतिहासावरील पाठ्यपुस्तक मध्य प्रदेश शासनानेच १९६२ साली बंदी घालून काढून टाकले होते. त्या आघाताने खचलेला हा कवी १९६४ साली निवर्तला. अठरा वर्षांनी त्याच राज्याच्या शासनाने त्यांच्या लेखनावर चित्रपट करण्यास साहाय्य केले. राज्यसंस्थेचा आश्रय हा असा असतो : तो कधी गळा दाबतो, कधी हात देतो; म्हणून त्याच्यावर विसंबू नये हे खरे, आणि त्याला त्याच्या कर्तव्याची आठवण देत राहावे हेही तितकेच खरे.

चित्रपटात रमेश, केशव आणि माधव असे तीन मित्र आहेत. गोपी, एम. के. रैना आणि विभूती झा ह्यांनी त्या भूमिका केल्या. मुक्तिबोधांच्या कथा, निबंध आणि कविता ह्यांतील वाक्ये त्यांच्या मुखातून येतात. पण ते जणू पात्रांचे संवाद नसून लेखकाचे चिंतनच माणसामाणसांतून हिंडत असावे असे वाटते. मध्यमवर्गीय बुद्धिजीवी माणसाने आपली बुद्धी कोणाच्या चाकरीला लावावी, हा मुक्तिबोधांचा प्रश्न. शिक्षकाच्या पेशात असलेल्या वाचकाला तो परका वाटणार नाही. हा चित्रपट १९८१ साली कान महोत्सवात दाखविला गेला.

ह्यानंतर ‘ध्रुपद’ (१९८२) आला. कौल स्वतः झिया मोहिउद्दीन डागर ह्यांच्याकडे ध्रुपद शिकत होते. त्या चित्रपटात उस्ताद रुद्रवीणा वाजवितात आणि त्यांचे बंधू झिया फरीदुद्दीन डागर गातात. राजा मानसिंह तोमराच्या दरबारापासून ध्रुपदाचे नाते ग्वाल्हेरशी जुळलेले आहे, हे सांगणे नलगे. ध्रुपदाच्या आलापीत ताल नसतो आणि शब्दार्थही नसतो. एक स्वर येतो, शेजारच्या स्वराकडे सरकतो, परततो, आणि दरम्यान रागाचे रूप उमलते. कौल ह्यांना चित्रपटाचा कालही असाच हवा होता. शेवटाकडे धावणारा काळ त्यांना नको होता. जागच्या जागी उमलणारा काळ ते शोधत होते. ‘उसकी रोटी’तील वाट पाहणे पुढे ‘ध्रुपद’मध्ये आलापी होऊन भेटते. तेरा वर्षांपूर्वी ज्याला कंटाळा म्हटले गेले त्याचे शास्त्र त्यांना येथे सापडले, असे म्हणण्यास हरकत नसावी.

६

नंतरच्या कृतींत ‘माटी मानस’मध्ये कुंभारकाम, आणि ‘सिद्धेश्वरी’ (१९८९) मध्ये काशीच्या सिद्धेश्वरी देवींचे गाणे व जीवन आले. हा दुसरा अनुबोधपट फिल्म्स डिव्हिजनसाठी केला होता आणि त्यास राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. ती संस्थाही २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन करण्यात आली. दोस्तोयेव्स्की ह्यांच्या कादंबरीवरून दूरदर्शनसाठी ‘इडियट’ झाले. विनोदकुमार शुक्ल ह्यांच्या कादंबरीवरून ‘नौकर की कमीज’ (१९९९) झाला. ह्या शेवटच्या चित्रपटात त्यांनी छायालेखक के. यू. मोहनन ह्यांना कॅमेऱ्यातून न पाहता तो चालवावयास सांगितले. आधीच सुंदर ठरलेली चौकट हातून निसटावी, आणि जे ठरविले नव्हते ते दिसावे, हा त्यामागील हेतू होता. पंचावन्नाव्या वर्षीही हा माणूस प्रयोगच करीत होता. ६ जुलै २०११ रोजी गुडगाव येथे त्यांचे निधन झाले.

आता प्रारंभीच्या दोन प्रश्नांकडे वळू. थोड्यांनी पाहिलेल्या ह्या कामाला वळसा का घालता येत नाही? तिकिटांच्या संख्येत त्याचे उत्तर नाही. ते विद्येच्या परंपरेत आहे. गुरविंदर सिंग ह्यांनी ‘अन्हे घोडे दा दान’ (२०११) हा पंजाबी चित्रपट केला तेव्हा कौल त्यांच्या पाठीशी उभे होते, आणि ‘अभेद आकाश’चा इंग्रजी अनुवादही गुरविंदर ह्यांनीच केला. घटकांकडून कौल ह्यांनी घेतले, कौल ह्यांच्याकडून पुढच्यांनी घेतले. शाळेची परीक्षा निकालाच्या टक्केवारीवरून होते खरी. पण शाळेचे खरे कार्य एका विद्यार्थ्याकडून दुसऱ्याकडे जे जाते त्यात असते.

भार कोणी उचलावा, ह्याचे उत्तर ही कारकीर्दच देते. एका समितीचा दूरदर्शी अहवाल, एक शाळा, एक पेढी, एक चित्रकार मित्र, एक राज्यशासन, एक अनुबोधपट-विभाग आणि दूरच्या बर्लिनमधील एक संग्रह, ह्या सर्वांनी आपापल्या पाळीने तो उचलला. ह्यांतील एकही कडी कायमची नव्हती, आणि एक सुटली तेव्हा दुसरी सापडली म्हणूनच काम चालले. आपल्या संस्थांची सभासदसंख्या पाहून ‘हे सारे कोणासाठी?’ असा प्रश्न आपल्याला टाकला जातो. त्याचे उत्तर देताना शरमण्याचे कारण नाही. आज जे दहा वाचक आहेत त्यांच्यासाठी, आणि जो अद्याप यावयाचा आहे त्या अकराव्यासाठी. मात्र तो येईल तेव्हा त्याला द्यावयाची प्रत आपल्या कपाटात असली पाहिजे; तिच्यासाठी त्याला बर्लिनला जावे लागू नये.